उलटा किमोनो

क्योतोच्या स्टुडिओत तोकुझो इसोगाईला मरायचंच काम मिळे. अमेरिकन फौज परत गेली आणि तलवारींचे सिनेमे पुन्हा धडाधड निघू लागले. नायकाच्या तलवारीखाली कोणीतरी पडायला हवंच. त्यातून वेळ उरला तर प्रेत म्हणून निजायला तोकुझो होताच. संध्याकाळी बायको, किनुए, दारातच विचारायची, "आज गेलात का?" त्याने मान हलवली की खांद्यांवर मिठाची चिमूट टाकून मगच त्याला आत घ्यायची. स्मशानातून आलेल्यावर टाकतात तशी, मेलेला मागोमाग घरात येऊ नये म्हणून. शेजारणी हसायच्या. हसोत बापड्या.

एकदा तरी सिनेमा संपेपर्यंत जिवंत राहायचं, एवढीच त्याची हौस होती. पुढे ती किनुएचीही झाली.

मरण्याच्या कामाच्या बाराव्या वर्षी योग आला. घाटातला चहावाला, आणि चक्क एक वाक्य: "पुढे रस्ता नाही, मालक." ते घोकून घोकून त्याने किनुएचे कान किटवले.

पहिल्याच खेळाला ती जाऊन बसली. चहावाला पडद्यावर आला आणि थिएटर गप्प झालं. त्याच्या किमोनोची उजवी बाजू डावीच्या वर होती. जिवंत माणूस डावी वर घेतो. उजवी फक्त प्रेताची. कपडेपटवाला घाईत होता म्हणून तोकुझो स्वतःच नेसला होता, हातांनी सवयीचं केलं होतं. सेटवर कोणालाच खटकलं नाही. त्याला सगळ्यांनी तसंच पाहिलेलं.

तो आपलं वाक्य बोलला, तशी शेजारच्या खुर्चीतली म्हातारी पुटपुटली, "मेलेलाच आहे गं हा. म्हणून तर पुढचं ठाऊक."

सिनेमा तुफान चालला. तेव्हापासून तोकुझोला भुतांचीच कामं आली.

घरीही आंघोळीनंतर तो उलटाच नेसून यायचा. किनुए गाठ सोडून सरळ करायची. पहाटे पाहावं तर पुन्हा उजवी बाजू वर, आणि तो कूससुद्धा न बदलता उताणा झोपलेला. तिला त्याच्या नाकाशी हात धरून बघावं लागे. फार भीती वाटायची तिला.

साठीच्या आतच तो खरोखर गेला. शेवटचे कपडे नेसवायला आलेल्या माणसाने उजवी बाजू वर घेतली, तेव्हा किनुएने त्याचा हात धरला.

"डावी घ्या वर."

"असं करत नाहीत, बाई."

"जन्मभर मेलेत ते. आता एकदा जिवंत जाऊ देत."

स्मशानातून परतल्यावर नणंदेने दारात मिठाची पुडी पुढे केली. किनुएने ती न फोडता कमरपट्ट्यात खोचली, आत गेली आणि आपल्यामागे दार उघडंच ठेवलं.