एका तालुक्याचे तीन देश

माझी मुलगी बेलारूसमधल्या ग्रोडनो शहरात डॉक्टरकी शिकते. परवा व्हिडिओ कॉलवर तिची म्हातारी घरमालकीण दिसली. आमच्याकडं नवं माणूस भेटलं की आधी गाव विचारायचं, मग तालुका. माझ्या आईनंही विचारलंच, "बाई, तालुका कंचा तुमचा?"

मुलीनं विचारून सांगितलं. बाईंची आजी झारच्या राज्यात, ग्रोडनो तालुक्यात जन्मली. तालुक्याला तिथं उयेझ्द म्हणत. पुढं तो मुलूख पोलंडचा झाला, मग सोव्हिएतनं घेतला. आता त्याचा मोठा तुकडा बेलारूसमध्ये, एक पोलंडमध्ये आणि एक लिथुआनियात आहे.

माझी सगळी नोकरी तहसील कचेरीत गेली. एका तालुक्याचे दोन तालुके झालेले ठाऊक होते, पण तीन देश? मी रद्दी पेपरावर रेघा मारल्या, खोडल्या, परत मारल्या. शेवटी मुलीवरच खेकसलो, "अगं, बाईंच्या आजीचं गाव नेमकं कुठं गेलं?"

"बाबा, गाव कुठंच गेलं नाही. आजीचं सासर इकडं राहिलं, माहेर पोलंडमध्ये."

आई निपाणीकडची. ती जन्मली तेव्हा माहेर मुंबई राज्यात होतं, आता कर्नाटकात आहे. शेंगा फोडता फोडता ती म्हणाली, "मग म्हायेरला कशी जायची ती?"

"गेलीच नाही म्हणे परत. मधे तारेचं कुंपण होतं."

आईनं हातातली शेंग तशीच सुपात टाकली.

"आमच्या सीमेवर राडा झाला की एस.टी. बंद हुती," ती म्हणाली. "पर चार दिसांनी चालू तरी हुती की."