दर बुधवारी म्हातारा होणारा नट

ज्या वर्षी बाबा गेले, त्या वर्षी मी एका जपानी नटाला तरुणाचा म्हातारा होताना पाहिलं. बाबा कसे म्हातारे झाले ते मला पाहता आलं नाही. ते पुण्यात होते, मी ब्रिटनमध्ये कार्डिफला होते आणि आमच्या मध्ये रविवारचा एक फोन होता.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. नवरा डॉक्टर, तिथल्या हॉस्पिटलमध्ये रजिस्ट्रार होता आणि परीक्षेच्या शेवटच्या भागाचा अभ्यास करत होता. मी विद्यापीठामागच्या रस्त्यावरच्या एका लहान सिनेमागृहात तिकिटं फाडायचे. कॉन्व्हेंटमध्ये शिकलेल्या, इंग्लिश लिटरेचर घेऊन बी.ए. झालेल्या सुनेने तिकिटं फाडावीत हे सासरी कळवलं नव्हतं. ‘आर्ट्स सेंटरमध्ये असते’ एवढंच सांगितलं होतं. मला ते काम आवडायचं. लोक हात पुढे करायचे, मी तिकीट फाडायचे, कोणाशी बोलावं लागायचं नाही.

त्या सप्टेंबरमध्ये मॅनेजरबाईंनी एकाच जपानी नटाचे सिनेमे ओळीने लावायचं ठरवलं. दर बुधवारी दुपारी दोनचा खेळ, दहा आठवडे. पेन्शनरांना तिकीट अर्धं आणि चहा फुकट. निम्मे लोक चहासाठी यायचे आणि पडद्यावर लढाई सुरू झाली की झोपायचे. खेळ लागला की मला काही काम नसायचं. मी शेवटच्या रांगेत बसायचे. वर मशीनच्या खोलीत एक म्हातारा प्रोजेक्शनिस्ट होता, खाणीच्या गावातला, सगळ्यांना ‘लव्ह’ म्हणणारा. हे सगळे सिनेमे त्याने नवे असताना दाखवले होते.

पहिल्या सिनेमात तो नट जेमतेम विशीचा होता. सरदाराच्या मागे बसलेल्या आठ शिपायांपैकी एक. तीन वाक्यं बोलतो आणि मरतो. पण सरदाराची हाक आल्यावर तो जमिनीवरून उठला, तेव्हा मी खुर्चीत पुढे सरकले. हात न टेकता, कमरेतून सरळ, कुणी वरून अलगद उचलावं तसा तो उठला होता. बाबा तसेच उठायचे. बाबांचं सगळं जमिनीवर चालायचं. दाढी, पेपर, इस्त्री, आमचा अभ्यास. घरात चार खुर्च्या होत्या आणि त्या पाहुण्यांसाठी होत्या. दारावरची बेल वाजली की ते मांडी मोडून एका झटक्यात उभे राहायचे आणि आईला म्हणायचे, “तू बस. तुला उठायला मुहूर्त लागतो.”

पुढच्या बुधवारी नट पंचविशीचा झाला, त्याच्या पुढच्या बुधवारी तिशीचा. त्याचं नाव पोस्टरवर सर्वांत वर आलं. चौथ्या आठवड्यात त्याच्या कपाळावर एक आडवी रेघ आली. पाचव्यात त्याचा स्टुडिओ बुडाला. ते सिनेमात नव्हतं, मॅनेजरबाईंनी टाइप केलेल्या पत्रकात होतं. मग त्याने दाढीच्या ब्लेडच्या जाहिराती केल्या, परदेशी सिनेमांत दुष्ट सेनापती केले आणि शेवटी टीव्हीवर गेला. तिथे एका मालिकेत तो हमामखान्याचा मालक झाला. अकरा वर्षं रोज तोच गल्ला, तीच बायको, तीच तीन मुलं. अख्खा देश त्याला बाबा म्हणायला लागला म्हणे. सहाव्या बुधवारी त्या मालिकेचे दोन भाग दाखवले. मला ते तलवारींपेक्षा आवडले. त्यात काहीच घडत नव्हतं. मुलगी उशिरा घरी येते, तो काही विचारत नाही, तिच्यासाठी झाकून ठेवलेला भात पुढे सरकवतो.

खेळ संपल्यावर प्रोजेक्शनिस्ट खाली आला. मी रिकामे कप गोळा करत होते.

“काही दिसलं का तुला, लव्ह?”

“काय?”

“तो बसताना दिसतच नाही. दोन्ही भागांत नाही. दार उघडतं, कॅमेरा आत येतो, तेव्हा हा आधीच बसलेला असतो. उठायची वेळ आली की कॅमेरा बायकोकडे जातो. खुबा गेला होता बिचाऱ्याचा. पण लोकांना कळलं तर काम जाईल ना. म्हणून सगळ्यांनी मिळून लपवलं. कॅमेरावाला, दिग्दर्शक, ती बायको झालेली बाई. अकरा वर्षं!” तो खूश होऊन हसला. “आणि काय झकास लपवलं!”

मीही हसले.

आमच्या घरी फोन नव्हता म्हणायला हरकत नाही. म्हणजे पुण्याच्या घरी. तळमजल्यावरच्या शेजाऱ्यांकडे होता. रविवारी सकाळी दहाला मी फोन लावायचे, शेजारच्या काकू वर हाक मारायच्या आणि बाबा दोन जिने उतरून यायचे. उन्हाळ्यापासून आईच यायला लागली होती. “अगं, ते फिरायला गेलेत.” पुढच्या रविवारी पुन्हा, “ते ना, फिरायला गेलेत.” मी म्हणायचे, बरं. आमच्याकडे सकाळचे दहा म्हणजे तिकडे दुपारचे अडीच. मे महिन्यात पुण्यात दुपारी अडीचला कोण फिरायला जातं, हा प्रश्न मला पडला नव्हता. की पडला होता आणि मी तो विचारला नव्हता, हे आता नक्की सांगता येत नाही. प्रश्न विचारणं मला कधीच जमलं नाही. पत्रात तर नाहीच. माझं मराठी लिहिणं कच्चं, त्यामुळे पत्रात मी जमतील तेवढीच वाक्यं लिहायचे. इथे थंडी आहे. फ्लॉवर चांगला मिळतो. तुम्ही कसे आहात? आणि बाबांचं उत्तर यायचं, “आम्ही उत्तम.”

त्याच आठवड्यात पुण्याहून परतणाऱ्या एका डॉक्टरांबरोबर माझ्या सख्ख्या काकूने चुलतभावाच्या लग्नाची कॅसेट पाठवली. लग्न मे महिन्यातलं. व्हिडिओवाल्याने त्यात बदामाचे आकार आणि सनईवर सिनेमाची गाणी घालायला पाच महिने घेतले होते. रविवारी दुपारी आम्ही भाड्याच्या व्हिडिओवर ती लावली. नवरा मांडीवर पुस्तक घेऊन बसला होता.

मुहूर्त झाला. अक्षता पडल्या. बाबा पहिल्या रांगेत खुर्चीवर बसलेले होते. सगळे उभे असताना बसलेले. मग पंगत आली. सगळे पुरुष खाली पाटावर आणि बाबा भिंतीशी खुर्चीवर, हातात ताट धरून. मग दादा, माझा मोठा भाऊ, त्यांच्याकडे वाकला, त्याने त्यांच्या काखेत हात घातला, आणि तेवढ्यात व्हिडिओवाला जिलबीकडे वळला.

मी उठून कॅसेट मागे घेतली.

“जिलबी पुन्हा बघायची आहे?” नवरा म्हणाला.

मी पुन्हा मागे घेतली. बाबांच्या शर्टाच्या कॉलरमध्ये दोन बोटं जातील एवढी पोकळी होती.

“बाबांना काहीतरी झालंय,” मी म्हणाले.

“तीन सेकंदांत निदान? आम्ही उगीच एवढी वर्षं घासली.”

मी तिसऱ्यांदा मागे घेतली. तो हसला नाही. पुस्तकात बोट घालून तो टीव्हीकडे न बघता गालिच्याकडे बघत होता. माझ्या नवऱ्याला खोटं बोलता येत नाही, त्याला फक्त गप्प राहता येतं.

“तुला माहीत आहे,” मी म्हणाले.

“अगं...”

“केव्हापासून?”

“एप्रिल.” मग भरभर म्हणाला, “दादांनी रिपोर्ट पाठवले हॉस्पिटलच्या पत्त्यावर. पोटाचा कॅन्सर आहे. ऑपरेशनची वेळ गेलेली होती, मी इथे सरांनाही दाखवले. तुला सांगायचं नाही असा बाबांनी शब्द घेतला माझ्याकडून. म्हणाले, ती तिकडे एकटी रडत बसेल, तिला कोण आहे?”

“तू आहेस ना,” मी म्हणाले.

टीव्हीवर नवरी रडत होती आणि कडेने बदाम उडत होते.

सातवा बुधवार मी केला, कारण विमानाचं तिकीट शुक्रवारचं मिळालं. विमानात मी एकच ठरवलं. या वेळी विचारायचं. बाबा, किती दुखतं? बाबा, भीती वाटते का? बाबा, मला का नाही सांगितलंत? एकदा तरी आम्ही दोघांनी खरं बोलायचं. बाकी काही मला नको होतं.

दादा मुंबईला घ्यायला आला होता. गाडीत तो म्हणाला, “हे बघ, तुला काही माहीत नाही असंच त्यांना वाटतंय. तसंच राहू दे. शेवटी शेवटी कशाला?”

दारातच बाबा खुर्चीत बसलेले होते. दाढी केलेली, नवा शर्ट, मांडीवर शाल. चेहरा इतका लहान झाला होता की डोळेच दिसत होते.

“अचानक कशा आलात मॅडम? जावईबापूंनी हाकललं?”

“स्वस्तात तिकीट मिळालं,” मी म्हणाले.

“मग बरोबर. स्वस्त मिळालं की घ्यावं.”

सोळा दिवस आम्ही असं बोललो. ते दुपारी तासभर बरे असायचे. त्या वेळात मी त्यांना नटाची गोष्ट सांगायचे, रोज एक सिनेमा. त्यांना तो फार आवडला. “तीन वाक्यं आणि मेला? गाढवांनो, पहिल्याच सिनेमात मारलात होय!” स्टुडिओ बुडाला तेव्हा ते खरंच काळजीत पडले. “मग? मुलंबाळं होती का त्याला?” मी हमामखान्याचं सांगितलं, भात झाकून ठेवायचं सांगितलं. खुब्याचं सांगितलं नाही.

“आणि मी आलो असतो तर मला फुकट सोडलं असतंस का आत?”

“पेन्शनरांना अर्धं तिकीट आहे.”

“म्हणजे नाही सोडणार. शाब्बास.”

तेराव्या किंवा चौदाव्या दिवशी आई भाजी आणायला गेली होती. दादा ऑफिसात. गोष्ट संपली होती, पुढचे तीन सिनेमे मी पाहिलेच नव्हते. बाबांनी माझ्याकडे बघितलं. मग म्हणाले, “हे बघ, बाळ.” आणि थांबले.

तेच होतं ते. त्याच्यासाठीच मी आले होते.

“पाणी हवंय का?” मी म्हणाले.

त्यांनी मांडीवरची शाल नीट केली.

“हो,” ते म्हणाले. “पाणीच दे.”

मी आत गेले. माठातून भांडंभर पाणी घेतलं. बाहेर आले तोवर त्यांनी डोळे मिटले होते.

निघताना मी वाकून नमस्कार केला आणि म्हणाले, मार्चमध्ये येते. ते म्हणाले, ये. डिसेंबरमध्ये ते गेले. फोन हॉस्पिटलमध्ये नवऱ्याला आला. तो भर दुपारी घरी आला, आणि त्याला दारात बघितल्यावर त्याने काही सांगायची गरज राहिली नाही.

बऱ्याच वर्षांनी आई आमच्याकडे आली होती, तेव्हा एकदा मटार सोलताना मी विचारलं. त्या वेळी आम्ही लंडनजवळ स्टॅनमोरला राहत होतो. “बाबांना शेवटपर्यंत कळलं नाही ना, की मला माहीत होतं?”

आईने मान वर केली नाही. “तू येणार म्हणून कळलं, तेव्हाच ते म्हणाले, तिला कळलंय. घरात कोणी विषय काढू नका. तिला बोलता येत नाही, तिला अवघड होईल. तिने काढला तर बघू.” तिने एक शेंग दोन बोटांत धरून मोडली. “वाट बघत होते रे, खूप.”

आई मला लाडाने रे म्हणते.

मी मटार सोलत राहिले.