आज एकच चमचा

मिसेस हॅलर कुणालाही हाताने वाढत नसत. पाहुणा आला की टेबलावर केक ठेवायच्या, शेजारी सुरी ठेवायच्या आणि आपण खुर्चीत मागे टेकून बसायच्या. केक तुम्ही कापायचा, तुकडा तुम्ही उचलायचा, चहात साखरही तुम्हीच घालून घ्यायची. "पोटाला विचार, मला विचारू नकोस," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. अकरा वर्षांपूर्वी लंडनजवळ स्टॅनमोरला आम्ही त्यांच्या शेजारचं घर घेतलं, तेव्हा पहिल्याच चहाला मी वीस मिनिटं त्या अक्रोडाच्या केककडे नुसती बघत बसले होते. पुण्यात वाढलेल्या बाईला कुणी 'घ्या ना' म्हटल्याशिवाय हात पुढे करता येत नाही. शेवटी तशीच उठून घरी आले आणि नवऱ्याला म्हटलं, शेजारीण चांगली आहे, पण जरा चिकट दिसते.

चिकट तर त्या मुळीच नव्हत्या. हंगेरीतल्या कुठल्याशा लहान गावातून आलेल्या, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, मूलबाळ नाही. जन्मभर शिवणकाम केलेलं. नव्वदीच्या घरात आल्यावरही गल्लीतल्या अर्ध्या लोकांच्या पँटी त्याच आखूड करून द्यायच्या. साडी नेसलेली बाई त्यांनी जवळून पहिल्यांदा पाहिली ती मीच, पण माझ्या ब्लाउजची बाही का ओढली जाते हे पुण्याच्या शिंप्याला दहा वर्षांत कळलं नव्हतं ते त्यांना दोन मिनिटांत कळलं. माझी लेक इरा शाळेतून आली की मागच्या अंगणात बसून भराभर जेवायची; तिला कुंपणापलीकडून सांगायच्या, "हळू, हळू. मागे कोणी लागलेलं नाही." आणि विषय संपवायचा असला की एकच शब्द, "सो." तो आला की पुढे काही विचारायचं नाही, हे आम्ही सगळे शिकलो होतो.

पहिल्या उन्हाळ्यात आई पुण्याहून आली आणि तिने मिसेस हॅलरना जेवायला बोलावलं. आईचा आग्रह आमच्या नातलगांत प्रसिद्ध आहे. माणूस बोलण्यात गुंतला की ती हळूच दुसरी वाढ करते. त्या दिवशी शिरा होता. मिसेस हॅलरनी ताटावर आडवा हात धरला; आईने सरावाने बाजूने डाव घातला. "अहो घ्या हो, एवढ्याशाने काय होतंय!" भाषा कळली नाही तरी डाव कळला असणार. मिसेस हॅलरनी आईचं मनगट घट्ट पकडलं. चेहरा पांढराफटक पडला होता. "नो. नेव्हर," त्या म्हणाल्या. मग नॅपकिनची नीट घडी घातली, आभार मानले आणि निघून गेल्या.

आई स्वयंपाकघरात रडत बसली. "मी काय विष घालत होते का गं त्यांना?" दुसऱ्या दिवशी दारात आलुबुखाराच्या जॅमची बरणी ठेवलेली होती, झाकणावर आईचं नाव चिकटवलेलं. आईने ती घेतली, पण पुढे मिसेस हॅलर जेवायला आल्या की ती जरा बिचकूनच असायची.

मी एका हॉस्पिटलमध्ये आहारतज्ज्ञ आहे. म्हणजे वजन कमी करून देणारी बाई, असं लोकांना वाटतं. माझं काम बरंचसं उलटं आहे. आठवडे-आठवडे पोटात अन्न न गेलेली माणसं माझ्याकडे येतात. अशा माणसाला एकदम पोटभर घालायचं नसतं. त्या शरीराला ते पेलत नाही, रक्तातले क्षार खाली-वर होतात, हृदय बंद पडू शकतं. म्हणून पहिल्या दिवशी अगदी थोडं, दुसऱ्या दिवशी त्याहून जरासं जास्त. एकदा कुंपणाशी गुलाब छाटता छाटता मिसेस हॅलरनी विचारलं म्हणून मी हे सगळं सांगितलं होतं. त्यांनी कात्री खाली ठेवली.

"हे तुम्हाला केव्हा शिकवतात?"

"पहिल्याच वर्षी."

"सगळ्यांना?"

"सगळ्यांना."

"सो," म्हणून त्या आत गेल्या. मला वाटलं, मी कंटाळा आणला. कामाचं बोलायला लागले की मी थांबत नाही, असं घरचेही म्हणतात. पुढे ते बोलणं मी विसरूनही गेले.

त्या लहानपणी, महायुद्धात, नाझींच्या छळछावणीत होत्या हे मला अर्धवट माहीत होतं. विचारलं कधी नव्हतं. असं कुणाला विचारू नये, अशी मी स्वतःची समजूत घातली होती. खरं म्हणजे ऐकायची भीती वाटत होती. इराला असली भीती नव्हती. जानेवारीत शाळेत छावण्यांतल्या बळींच्या स्मरणाचा कार्यक्रम असतो. टीचरनी विचारलं, कुणाच्या ओळखीचं कुणी आहे का, आणि ही सरळ शेजारी गेली. घरी येऊन म्हणाली, "आई, ती येणार आहे स्कूलमध्ये! तिचा स्टोरी सांगणार. पण फर्स्ट तुला सांगणार, मग आम्हाला."

एका रविवारी दुपारी त्यांनी मला सांगितलं. ठिकाणाचं नाव बेल्सन, जर्मनीतलं. त्या चौदा वर्षांच्या, बहीण लिली एकोणीसची. आईवडील आधीच गेलेले. लिली आपल्या वाटणीच्या पावातला तुकडा रोज मागदाच्या, म्हणजे मिसेस हॅलरच्या, हातावर ठेवायची आणि तो खाऊन होईपर्यंत समोरून हलायची नाही. वसंतात ब्रिटिश सैनिक आले. त्यातला एक उन्हाने नाक सोललेला पोरगेला सैनिक रडत रडत खिशात असेल ते वाटत सुटला होता. मागदाच्या हाती आटवलेल्या गोड दुधाचा डबा आला. लिलीला उठवत नव्हतं. मागदाने बोटाने तिला ते दूध चाटवलं. लिली म्हणाली, पुरे. मागदा म्हणाली, अजून एक. अजून थोडं. सबंध डबा संपवला. दुसऱ्या दिवशी सकाळी लिली गेलेली होती.

"आयुष्यात पहिल्यांदा मी तिला भरवत होते," त्या म्हणाल्या. मग टेबलावरचे नसलेले कण हाताने गोळा करत बसल्या. "तू या विषयातली आहेस, शुभा. दुधाने गेली का ती? शाळेत मी खोटं बोलणार नाही. म्हणून आधी विचारते."

मी विचारलं, "ताप होता का तिला?"

"सगळ्यांनाच होता. टायफस."

मला हायसं वाटलं. "मग तापानेच," मी म्हटलं. वॉर्डात नातेवाइकांशी बोलताना काढते तो आवाज आपोआप निघाला. "दुधाचा काही संबंध नाही."

"नक्की?"

"नक्की."

नक्की काहीच नव्हतं. ताप असेल, दूध असेल, दोन्ही असेल. 'सांगता येत नाही' एवढंच खरं होतं आणि नेमकं तेवढंच मी म्हटलं नाही. मिसेस हॅलर म्हणाल्या, "सो."

शाळेच्या हॉलमध्ये त्या खुर्चीत बसून बोलल्या. पाव सांगितला, सैनिक सांगितला, डबाही सांगितला. मग म्हणाल्या, "माझी बहीण तापाने गेली. माझ्या शेजारणीला यातलं कळतं, ती सांगते. ती तिथे बसली आहे." सगळी मुलं वळून माझ्याकडे बघायला लागली. मी बुटांकडे बघत होते. इतक्या वर्षांनी ही बाई पहिल्यांदा तोंड उघडते आणि तिच्या साक्षीतलं एक वाक्य माझं, तेही बनावट. तिचं ओझं मी उतरवलं होतं की तिची गोष्टच पळवली होती, मला काही केल्या ठरवता येईना.

गाडीत मी विचारलं, "बरं वाटतंय?"

"मुलांना बरं वाटलं," त्या म्हणाल्या.

मागून इरा म्हणाली, "सोल्जर किती काइंड होता ना!"

"होता. फार चांगला होता. मी त्याचं नाव विचारायला हवं होतं."

त्यानंतर मला एक खोडच लागली. त्यांच्याकडे चहाला गेले की मी सुरीकडे बघायची. माझ्या बोलण्यावर त्यांचा विश्वास बसला असेल तर आता तरी त्या वाढतील, निदान इराच्या ताटलीत एखादा तुकडा ठेवतील, असं मला वाटे. सुरी होती तिथेच असायची. मग विश्वास बसला नाही म्हणावं, तर शाळेत सगळ्यांसमोर माझं नाव का पुढे केलं? रागावल्या म्हणावं, तर माझ्या नव्या ब्लाउजला हुक कोण लावून देत होतं? घरी मी हे बोलून दाखवलं की नवरा म्हणे, "अगं, नव्वदी ओलांडलेल्या बाई आहेत, तू कशाला एवढा कीस काढतेस?" त्याचंही बरोबर होतं. पण मला स्वस्थता नव्हती.

गेल्या ऑक्टोबरमध्ये त्यांना न्यूमोनिया झाला. घरी दोन आठवडे जवळजवळ काही पोटात गेलं नव्हतं, आणि आणलं ते माझ्याच हॉस्पिटलमध्ये. त्यांचा आहाराचा तक्ता मीच लिहिला. त्या गेल्या त्याच्या सहा दिवस आधीची ही दुपार. मी कस्टर्डची वाटी घेऊन पलंगाशी बसले आणि एक चमचा त्यांना भरवला.

"पुढचा?"

"आत्ता एकच चमचा. तासाभराने दुसरा. उद्या वाढवू."

"मला भूक लागली आहे, शुभा."

"माहीत आहे. तरी हळू."

"जास्त दिलंस तर?"

चमचा माझ्या हातात तसाच राहिला. आणि इतक्या दिवसांनी मला ते कुंपण आठवलं, तो छाटलेला गुलाब, 'सगळ्यांना?' असं विचारणारा त्यांचा आवाज. लिलीबद्दल मला प्रश्न विचारण्याच्या कितीतरी आधी मीच त्यांना उत्तर दिलेलं होतं. त्यांनी ते ऐकलेलं होतं, आणि तरी विचारलं होतं.

"तर धोका असतो," मी म्हटलं.

"लिलीला होता?"

"असेल. तापही होता. नक्की कुणालाच सांगता येणार नाही." मला रडू आवरेना. "त्या दिवशी मी खोटं बोलले."

"हो," त्या म्हणाल्या. "चांगलं वाटावं म्हणून बोललीस. तो सैनिकही चांगलाच होता."

हे क्षमा करणं होतं की कानउघाडणी, विचारायचा मला धीर झाला नाही. त्यांनी विचारलं, "दुपारी जेवलीस?" मी मान हलवली, नाही म्हणून. तेव्हा त्यांनी माझ्या हातातून चमचा घेतला. वाटीत चमचा दोनदा आपटला. कस्टर्ड भरून त्यांनी तो माझ्या तोंडाशी आणला. पेशंटच्या चमच्याने खाणं हॉस्पिटलच्या कुठल्याच नियमात बसत नाही, आणि ते नियम नव्या मुलींना मीच शिकवते. मी मुकाट्याने खाल्लं.

त्या बघत होत्या, गिळून होईपर्यंत. मग त्यांनी पुन्हा चमचा भरला.

"अजून एक," त्या म्हणाल्या.