ज्याचं नाव त्याचं भांडं

मंगळवार पेठेत केरबाला न ओळखणारा माणूस सापडणार नाही, आणि सापडलाच तर त्याच्या घरात भांडी नसणार. गेली पन्नासेक वर्षं हा गृहस्थ भांड्यांवर नावं घालतो. भांड्याच्या दुकानाच्या पायरीवर पोतं अंथरून बसतो. नाकावर दोऱ्यानं बांधलेला चष्मा, हातात करकरणारं मशीन. रुखवतातली कळशी असो की बारशाची वाटी, केरबाच्या हाताखालून गेल्याशिवाय आमच्याकडे तिला भांडं म्हणत नाहीत.

मी तीस वर्षं एका ट्रस्टच्या कचेरीत कारकुनी केली. निवृत्त झाल्यापासून रोज सकाळी त्याच्या शेजारी जाऊन बसतो. आपल्या दोघांचा धंदा एकच, असं त्याचं म्हणणं. "दानशूरांची नावं तुमी कागदावर लिवली, मी पितळंवर. तुमचा कागद वाळवीनं खाल्ला, भाऊसाब." हे खरं आहे, म्हणूनच मला त्याचा राग येतो.

दानधर्माचा इतिहास शिकायचा असेल तर पुस्तकं उघडू नका, आमच्या तालमीतली भांडी बघा. गल्लीत लग्न असो, बारसं असो, तालमीतून पातेली न्यायची, वापरायची आणि घासून परत आणून ठेवायची. ही सगळी भांडी लोकांनी दिलेली. सगळ्यात जुनं पातेलं बाळाबाई नावाच्या बाईनं दिलं. ती दुसऱ्यांच्या घरची धुणीभांडी करायची. तिचं नाव पातेल्याच्या बुडाला आहे, काजळीखाली. जी बाई पातेलं घासते तिलाच ते दिसतं. पुढच्या दात्यांची नावं पातेल्याच्या पोटावर आली, मग काठावर. मग लोकांनी भांडी सोडून पंखे द्यायला सुरुवात केली आणि एकच नाव तीन पात्यांवर तीनदा गरगरू लागलं. धर्मादाय होतं त्याचा फंड झाला, फंडाचा ट्रस्ट झाला, ट्रस्टचं फाउंडेशन झालं. दान होतं तेवढंच राहिलं, नाव मात्र वर वर चढत गेलं.

पण खोटं कशाला बोलू? या गावात दानानंच माणसं उभी केली. महाराजांच्या काळात बोर्डिंगं निघाली नसती तर माझे वडील जन्मभर दुसऱ्याच्या म्हशी राखत बसले असते आणि मी त्यांच्या मागून म्हशीची शेपटी धरून चाललो असतो.

केरबाही बोर्डिंगातलाच. दहाव्या वर्षी कोडोलीहून इथं आला. ते बोर्डिंग आता राहिलेलं नाही. तिथं त्याला जे ताट मिळालं त्यावर "गरीब फंड" असं ठोकलेलं होतं. पंगतीत बसला की केरबा आधी भाकरी त्या अक्षरांवर ठेवायचा आणि ती सगळ्यात शेवटी खायचा. "आमटी आधी भुरकायची आन् मागनं कोरडी भाकरी. घशाला टोचायची, पर आक्षार दिसू दिलं न्हाय कुनाला." सातवीत त्यानं शाळा सोडली आणि नावं घालणाऱ्या एका म्हाताऱ्याच्या हाताखाली राहिला. हे तो हसत हसत सांगतो. मला ते ऐकून कधी हसू आलेलं नाही.

तर गेल्या दिवाळीनंतरची गोष्ट. विजयसिंह दुकानात आले. पाइपचा कारखाना असलेला, शिकलेला, सज्जन माणूस. आजोबांच्या नावानं त्यांनी सयाजीदादा फाउंडेशन काढलं आहे. त्यांच्याबद्दल माझी तक्रार एकच. ते झाड लावतात तेव्हा झाडापेक्षा फलक उंच असतो.

शाळेतल्या चाळीस मुलींना त्यांना स्टीलचे डबे द्यायचे होते. झाकणावर घालायचा मजकूर त्यांनी लिहूनच आणला होता. "सयाजीदादा फाउंडेशनतर्फे गरीब व होतकरू विद्यार्थिनीस सप्रेम भेट." आणि खाली, ठळक, "विजयसिंह, अध्यक्ष". केरबानं चार दिवस मान मोडून चाळीस झाकणं भरली. अक्षरं अशी उतरली की दृष्ट काढावी. शुद्धलेखन मी तपासलं. एकही चूक सापडली नाही याचा आम्हा दोघांनाही अभिमान वाटला. चहा प्यायलो. अक्कल मात्र दोघांचीही गहाण पडली होती.

शाळेत समारंभ झाला, फोटो निघाले. चाळीस मुलींत केरबाची नात निशिगंधाही होती. आठवीतली पोर, बोलायला तिखट. तिनं डबा घरी आणला तो थेट फडताळात पालथा घातला. दुसऱ्या दिवशी ती डब्याशिवायच शाळेला गेली. तिसऱ्या दिवशी तिच्या आईनं, अनुजानं, भाकरी भरून डबा दप्तरात कोंबला, तर पोरीनं तो जसाच्या तसा परत आणला.

"नवाकोरा डबा सोडून उपाशी ऱ्हातीस? डोकं फिरलंय का तुजं?" अनुजा कडाडली.

"झाकन उघडायच्या आधी सगळ्या वाचत्यात. मी न्हाय न्यायची. लई केलंस तर शाळंतच जायची न्हाय."

केरबा जेवत होता. त्यानं उगीच मध्ये तोंड घातलं. "आगं, आक्षार तरी बघ किती देखनं हाय."

"तुमीच लिवलंय की आज्जा," पोरगी म्हणाली. "वर्गाच्या कोपऱ्यातनं बी वाचाय येतंय."

केरबाच्या घशाला त्या दिवशी पुन्हा भाकरी टोचली. हे त्यानंच मला दुसऱ्या दिवशी सांगितलं आणि मशीन बंद करून ठेवलं. नातीनं शाळा सोडली तर ती आपल्याच हातानं सोडायला लावली, एवढंच त्याला दिसत होतं. झाकण घासून काढावं तर त्या जागी डाग राहतो, आणि डाग अक्षरापेक्षा जास्त बोलतो. शिवाय बाकीच्या एकोणचाळीस पोरींची झाकणं होतीच.

"विजयसिंहांना जाऊन सांग सरळ," मी म्हणालो.

"मोठ्या मानसाला सांगून कळत न्हाय, भाऊसाब. त्येच्या ताटात वाढावं लागतं."

मग त्याच्या डोळ्यांत जी चमक आली ती मी ओळखतो. अशी चमक आली की पेठेत कुणाची तरी फजिती होते.

तो उठला आणि थेट बनाबाईकडे गेला. बनाबाईची नातही त्या चाळिसांत होती, आणि गल्लीचे सगळे कायदे बनाबाईच्या पदराला बांधलेले असतात. केरबानं साळसूदपणे विचारलं, "बनाबाई, ह्या डब्यावर नाव कुनाचं हाय?"

"विजयसिंहाचं."

"मग भांडं कुनाचं?"

बनाबाईचा हात कपाळावर गेला. "आगं बया! म्हंजी त्येंचं भांडं आमच्या फडताळात पडून हाय व्हय!"

ज्याचं नाव त्याचं भांडं, हा आमच्याकडचा पहिला नियम. त्यावरच तर गल्लीत वाट्या, ताटं, पातेली फिरतात आणि भांडणं न होता परत घरी येतात. दुसरा नियम असा, की कुणाचं भांडं रिकामं परत करायचं नाही. चिमूटभर साखर का होईना, घालूनच द्यायचं. हे नियम मोडायची हिंमत आमच्या पेठेत पैलवानालाही नाही.

शनिवारी शाळा सुटल्यावर चाळीस पोरी आणि त्यांच्या आया नागाळा पार्कातल्या विजयसिंहांच्या बंगल्यावर पोहोचल्या. पुढे बनाबाई. मी आणि केरबा सहज फिरायला म्हणून समोरच्या झाडाखाली उभे होतो. इतके सहज की आम्ही रिक्षा करून गेलो होतो.

विजयसिंहांच्या आई, आक्का, दारात आल्या. बनाबाईनं डबा पुढं केला. "आक्का, तुमची भांडी आमच्याकडं ऱ्हायलीती. घासून आनल्यात."

आक्कांनी झाकण वाचलं. दुसऱ्यांदा वाचलं. मग आत बघितलं, तर खर्डा आणि भाकरी. दुसऱ्यात झुणका, तिसऱ्यात दहीभात. आजऱ्याकडच्या एका बाईनं घनसाळ तांदळाचा भात दिला होता, त्याचा वास रस्त्यापर्यंत आला. आक्का स्वतः खेड्यातल्या, भांड्यांचे नियम त्यांना ठाऊक. त्या डबे घेऊ लागल्या आणि व्हरांड्यात ओळीनं मांडू लागल्या.

तेवढ्यात विजयसिंह बाहेर आले. "अहो, हे दान दिलंय तुम्हाला! परत काय करताय?"

"तुमचं नाव हाय की त्येच्यावर, पावणं," बनाबाई शांतपणे म्हणाली. "दुसऱ्याच्या नावाचं भांडं आमी घरात ठिवत न्हाय."

विजयसिंह आईकडे वळले. आक्का तिथंच पायरीवर बसून भाकरीचा तुकडा मोडत होत्या. "बस," त्या लेकाला म्हणाल्या. "लोकांनी वाढलंय, खा गप."

आणि अध्यक्ष बसले. चाळीस गरीब व होतकरू घरांचं अन्न समोर मांडलेलं, आणि त्यावर कुणाचंही नाव नाही. केरबानं माझ्या बरगडीत कोपर असं हाणलं की आठवडाभर दुखत होतं.

सोमवारी विजयसिंहांची गाडी दुकानापुढे थांबली. मागच्या डिकीत चाळीस डबे. ते ओरडतील म्हणून मी आधीच थोडा लांब सरकलो होतो. ओरडले नाहीत. थोडे घुटमळले आणि म्हणाले, "केरबामामा, एका डब्यात जवसाची चटणी होती. आक्का म्हणतात, थेट त्यांच्या आईच्या हातची चव. दोन दिवस विचारतायत. कुणाच्या घरची असेल?"

"कसं सांगू साहेब?" केरबा चष्मा पुसत म्हणाला. "डब्यावर तर तुमचंच नाव हाय."

विजयसिंहांनी डिकीतल्या एका डब्याचं झाकण उचलून वाचलं. मग दुकानदाराकडून चाळीस कोरी झाकणं मागवली आणि शाळेकडून मुलींच्या नावांची यादी आणली. "आणि फाउंडेशनचं नाव?" जाता जाता त्यांनी विचारलंच. सवय कुठं एका दिवसात सुटते!

"घालतो की. बुडाला, बारीक. घासनारीला दिसंल."

गाडी गेली. दुपार झाली होती. केरबानं आपलं भाकरीचं फडकं सोडलं आणि माझ्या हातावर अर्धी भाकरी ठेवली. भाकरीवर जवसाची चटणी होती, अनुजानं कुटलेली.

"अरे, ही तर..." मी म्हणालो.

"जेवा गप, भाऊसाब. दिल्याव नाव सांगायचं नसतं."

निशिगंधा आता नववीत आहे. डबा दप्तरात न कोंबता हातात घेऊन शाळेला जाते. संध्याकाळी ती घरी आली की केरबा तो डबा मागून घेतो, उघडतो आणि निरखून बघतो.

"काय बघतासा रोज रोज?" ती विचारते.

"काय न्हाय. आक्षार कसं उठलंय ते बघतोय."

अक्षर झाकणावर आहे. म्हातारा आत बघत असतो, पोरीनं भाकरी संपवली का ते.