पॉइंट्स न मिळणारं फ्रेंच

किस्से जमवायला कुठे जावं लागत नाही. लोकांनी आपल्याला एकदा वेड्यात काढलं, की ते घरपोच येतात! आमच्या फ्रेंच वाचनाचे तर इतके झालेत, की माझ्या रोजनिशीत हल्ली हवामान लिहायला जागा उरत नाही.

आमचा गट म्हणजे आम्ही तिघं. मी हॅमिल्टनला एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये काम करते. मंजिरी मूळची पुण्याची, इथे आयटीत. आणि मूळचे नागपूरचे कांबळे सर, हॅमिल्टनजवळच्या केंब्रिजला गाड्यांच्या कारखान्यात क्वालिटी इंजिनिअर. दर रविवारी दुपारी मराठी मंडळाच्या हॉलमधल्या मागच्या खोलीत बसून आम्ही फ्रेंच कादंबऱ्या आणि त्यांच्यावरची समीक्षा वाचतो. वाचतो फ्रेंचमध्ये, भांडतो मराठीत.

मंडळाचे सेक्रेटरी सुधीर जोगळेकर यांना ती खोली हवी आहे. फ्रेंच परीक्षेच्या कोचिंगसाठी! इमिग्रेशनला, म्हणजे इथे कायम राहायचा पीआर मिळवायला, फ्रेंचचे पॉइंट्स मिळतात ना. ज्यांना हवेत त्यांनी जरूर शिकावं, आम्ही मदतही करू. पण आठवड्यात इतके वार असताना जोगळेकरांना आमचाच रविवार दिसतो. आम्ही हलणार नाही, असं त्यांना कळवून टाकलंय.

*

दिवाळीच्या जेवणाच्या लाइनीत एका बाईंनी मला गाठलं.

"फ्रेंच शिकतेस म्हणे! पीआर व्हायचाय का अजून?"

"नाही हो. सिटिझन होऊनही वर्षं झाली."

"मग नणदेला वगैरे बोलावताय?"

"नाही."

"सरकारी जॉबला अप्लाय करतेयस?"

"नाही. कादंबऱ्या वाचायच्यात."

बाईंनी हातातली प्लेट खाली ठेवली. मला जरा बाजूला घेतलं आणि हळूच विचारलं, "घरी सगळं ठीक आहे ना?"

*

मी फ्रेंच कुठल्या क्लासला शिकले नाही. ग्रोसरीच्या पाकिटांवर शिकले. इथे सगळ्यावर दोन्ही भाषा असतातच. इंग्रजी झाकायचं, फ्रेंच वाचायचं, मग उघडून बघायचं. सीरियल, शॅम्पू, खोकल्याचं औषध, काही सोडलं नाही.

त्यामुळे पहिल्याच कादंबरीत नायिका 'आजिते' झाली, तेव्हा मला शब्द लगेच ओळखू आला. ज्यूसच्या डब्यावर रोज बघते मी! मी वहीत अर्थ लिहिला: 'नायिका चांगली हलवून घेतलेली होती.'

माझा मुलगा शाळेत फ्रेंच शिकतो. त्याने वाकून बघितलं. "आई, she's upset! She's not orange juice!"

रविवारी मी हे सांगितलं, तर कांबळे सर शांतपणे म्हणाले, "मी शंभर पानं वाचलीयत पुढची. चांगलंच हलवलंय तिला. तुमचंच भाषांतर ठेवा."

*

कांबळे सर कारखान्यात लंचला वाचतात. समोर ब्रॅम्पटनहून येणारे एक सरदारजी बसतात. एकदा त्यांनी विचारलं, "भाईसाब, आज क्या हुआ कहानी में?"

"एक औरत दरवाज़ा खोलने जा रही है."

"खोला?"

"अभी हाथ लगाया है."

दुसऱ्या दिवशी सरदारजींनी बसायच्या आत विचारलं, "खुला?" नव्हता उघडला. बाई दारापाशी उभी राहून लहानपण आठवत होती. तिसऱ्या दिवशी अख्ख्या टेबलाने विचारलं. चौथ्या दिवशी सर म्हणाले, "वापस चली गई."

सरदारजींनी पराठा खाली ठेवला. "मेरी वाली भी एक बार ऐसे ही दरवाज़े से लौट गई थी," म्हणाले. "किसी को बताया नहीं आज तक."

जोगळेकर म्हणतात, या वाचनाचा उपयोग काय!

*

मंजिरीचं फ्रेंच सगळं जुन्या कादंबऱ्यांतून आलंय. फ्रेंच बोलणाऱ्या मॉन्ट्रियलला एका रेस्टॉरंटमध्ये तिने त्या थाटात पाणी मागितलं. म्हणजे साधारण 'महोदय, आपण कृपावंत होऊन मजला जल द्याल काय?' असं.

वेटर इंग्रजीत म्हणाला, "Sure!"

ती फ्रेंचमध्येच पुढे. तो इंग्रजीतच. सूप झालं, जेवण झालं, दोघंही मागे हटेनात. शेवटी त्याला हसू आवरेना. तो फ्रेंचवर आला. "मॅडम, असं फ्रेंच आमच्याकडे आता फक्त थडग्यांवर लिहिलेलं असतं."

मंजिरी म्हणाली, "चालेल. वाचता आलं ना तुम्हाला?"

*

समीक्षेचं एक पुस्तक आम्ही फार भक्तिभावाने घेतलं. एका कादंबरीतल्या शांततेवर त्यात एवढं लांबलचक प्रकरण होतं, की आमची शांतता संपली. मी प्रत्येक वाक्य तीनतीनदा वाचलं. धीर सोडायचा नाही हा माझा नियम आहे.

कांबळे सरांनी पुस्तक मिटलं. "याला रूट कॉज सापडलेला नाही," म्हणाले. "आमच्याकडेही असंच असतं. कारण सापडलं की रिपोर्ट एका पानाचा होतो. नाही सापडलं की बाइंडिंग करावं लागतं!"

दुसऱ्या एका समीक्षकाचं मात्र टिपण होतं दीड पानाचं. कादंबरीतल्या घरात नवरा असताना घड्याळाचे ठोके ऐकू येतात, बायको एकटी असताना कधीच नाही, एवढंच त्याने दाखवलं होतं. आम्ही पूर्ण कादंबरी पुन्हा वाचून काढली. खरंच नव्हते ठोके! सर म्हणाले, "या माणसाला मी उद्या जॉब देईन."

*

कोचिंगच्या विषयावर जोगळेकर एकदा सरांना समजवायला गेले. "कांबळे, जरा प्रॅक्टिकल व्हा. त्या कादंबऱ्यांचं तुम्हाला काय करायचंय? आपला काय संबंध?"

सर आवाज चढवत नाहीत. म्हणाले, "जोगळेकर, आमच्या पणजोबांनी काय वाचायचं, हे दुसरेच ठरवत होते. काहीच वाचायचं नाही, असं ठरलं होतं. आता मी ठरवतो. या रविवारी तिसरं प्रकरण आहे. येता?"

*

मागच्या रविवारी जोगळेकर थेट व्हाइटबोर्ड घेऊन आले. बरोबर त्यांच्या पत्नी, शुभांगीवहिनी. यंदा मंडळाच्या अध्यक्ष त्याच आहेत, खोली कुणाला द्यायची यावर शेवटची सही त्यांची. पण भर मीटिंगमध्ये सेक्रेटरीला 'अहो' म्हणणाऱ्या आणि ते दाखवतील तिथे सही करणाऱ्या अध्यक्ष! आम्हाला कळून चुकलं, की आज खोली गेली.

"चालू द्या तुमचं," जोगळेकर म्हणाले. "मी फक्त बोर्ड कुठे बसतो ते बघतो."

आमचं चालूच होतं. कादंबरीतली बायको नवऱ्याला पहिल्यापासून 'व्हू' म्हणते. म्हणजे आपलं 'अहो, तुम्ही'. शेवटी शेवटी एका पानावर ती एकदम 'त्यू'वर येते. सरळ 'तू'. समीक्षक म्हणतो, इथे पहिल्यांदा तिचं प्रेम मोकळं झालं.

"कसलं प्रेम!" मंजिरी उसळली. "माझी आई बाबांना जन्मात एकदाच 'तू' म्हणाली. त्या दिवशी बाबांनी स्वतःचं ताट स्वतः घासलं!"

"माझ्या बायकोने लग्नानंतर दुसऱ्याच दिवशी 'तू' म्हटलं," कांबळे सर म्हणाले. "मला वाटलं, चला, आता हे घर माझं झालं. समीक्षक बरोबर आहे."

वहिनींनी केव्हा खुर्ची ओढून घेतली, कळलंच नाही. "ते पान सांगता का मराठीत?" त्यांनी मला विचारलं.

मी सावकाश सांगायला लागले. मागे बोर्ड भिंतीला घासत होता.

"अहो, जरा थांबा ना," वहिनी म्हणाल्या.

"यात ऐकायचं काय आहे?" जोगळेकर म्हणाले. "तू काय नि तुम्ही काय, इंग्लिशमध्ये सगळं 'यू'च! शुभांगी, सही करून टाक, मला पुढे जायचंय."

वहिनींनी मान वळवली.

"सुधीर, तू बस खाली. पान संपू दे."

जोगळेकर बसले. बोर्ड मांडीवर घेऊन.