रायपूरमध्ये पाहिलेला हौदातला पूर

सुशीलाआत्याचा फोन आला, "ये बापा. बाबा पडद्यावर दिसणार हायेत." ही आत्या म्हणजे माझ्या वडिलांची चुलत बहीण. तिचे वडील, माझे चुलत आजोबा, मूकपटांत किरकोळ कामं करत. ती पाळण्यात असतानाच ते तापानं गेले. घरात साधा फोटोही नाही. आता आत्याच्या रायपूरला, म्हणजे नव्या राजधानीत, ‘मूकपटांतल्या नैसर्गिक आपत्ती’ असा सरकारी कार्यक्रम होता आणि त्यातल्या पुरात आजोबा बुडणार होते. मी नागपूरहून निघालो.

सकाळची गाडी धरली तर दुपारी रायपूर. स्टेशनबाहेर पानवाल्यापासून न्हाव्यापर्यंत सगळ्यांनी पाटीवर ‘राजधानी’ रंगवून घेतलंय. आत्या राहते त्या पुरानी बस्तीपर्यंतचे ऑटोवाल्यानं दुप्पट मागितले. "भैया, अब राजधानी है," तो म्हणाला. रस्त्यातले खड्डे मात्र अजून जिल्ह्याचेच होते.

आत्याकडे तांदळाचे गरम फरे खाल्ले. हे हॉटेलात नका शोधू, कोणाच्या तरी घरीच खा. मागच्या अंगणात बंब भरून ठेवलेला दिसला.

"भर दुपारी काहून?"

"बाबा बुडाल्यावर आंघोळ करा लागन ना."

आमच्याकडे हे पूर्वी घडलंय. तंबूत हाच मूकपट पाहून अख्ख्या घरानं सुतकाची आंघोळ केली होती. संध्याकाळी आजोबा चहा मागत आले, तेव्हा सगळे ओलेच होते.

सभागृहात आधी भूकंप झाला. पुठ्ठ्याचा महाल हलला आणि मागे हलवणाऱ्याचं धोतर दिसलं. "यह फिल्म हमें आपदा प्रबंधन सिखाती है," निवेदक म्हणाला. मग पूर आला. हौदात खेळण्यातली घरं, वरून घागर ओतणारा हात. आणि एका छपरावर हात हलवणारा काटकुळा माणूस.

"नाक माह्यासारखं हाय," आत्या कुजबुजली. तेवढ्यात आजोबा बुडाले. तिनं पदर तोंडाला लावला. मलाही भरून आलं.

आणि मुख्य पाहुणे आले. साहेबांसाठी पूर पहिल्यापासून सुरू झाला. आजोबा पुन्हा छपरावर. साहेबांनी थोडा वेळ पाहिलं, घड्याळ पाहिलं आणि उठले. त्यांच्यामागे आयोजक उठले, आजोबा छपरावरच असताना मशीन बंद झालं, नाश्ता जाहीर झाला. मी संतापून उठलो, तर आत्यानं हात धरला.

"बस. जाऊ दे त्याले."

घरी आल्यावर बंबातल्या पाण्यानं तिनं भांडी घासली.

नागपुरात वडिलांनी दारातच विचारलं, "काका बुडाले?"

"बुडाले होते. पण साहेब उशिरा आले आणि लवकर गेले, म्हणून वाचले."