कुरवाचे पाय

दामले सर माणसाच्या तोंडाकडे नंतर बघत, आधी पायांकडे. जयपूरच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायला मी नागपूरहून रुजू झाले, तेव्हा ते विभागप्रमुख म्हणून त्यांच्यापुढे जाऊन उभी राहिले, तर हे गृहस्थ माझ्या चपलांकडे टक लावून बसलेले. मला रागच आला. मग म्हणाले, "अंगठा तुटायला आलाय. तळ्यावर चिखल असतो, बूट घ्या."

तळं म्हणजे मानसागर. हिवाळ्यात तिथे मोठे कुरव, म्हणजे सीगल पक्षी, येत आणि सर रविवारी बनी पार्कातल्या घरून सायकल दामटत निघत. मला सगळे कुरव सारखेच दिसत. पांढरं अंग, करडी पाठ, पिवळी चोच आणि चोचीवर लाल ठिपका. सर म्हणत, "नुसत्या पाठीवर विसंबू नका, जोशीबाई. उन्हात फिकी दिसते, ढगात काळी. पाय बघा. हेरिंग कुरवाचे गुलाबीसर, त्याच्या काळपाठ्या भावाचे पिवळे. आणि पिल्लू असेल तर गप्प बसा. मतलब, मोठी होईपर्यंत सगळीच मातकट." माणूस साताऱ्याचा, पण 'मतलब' जिभेवर कायमचा बसलेला. पक्षी पाण्यात असला की तो बाहेर येईपर्यंत सर जागचे हलत नसत. माझे कितीतरी रविवार असे पायांची वाट बघण्यात गेले.

त्यांच्या नावावर मोठी म्हणावी अशी एकच गोष्ट होती. कॉलेजच्या संग्रहालयात, दारासमोरच्या कपाटात, पेंढा भरलेला हेरिंग कुरव. सर तरुण असताना कुणाला तरी तो तळ्यावर मेलेला सापडला आणि दुसऱ्या दिवशी पोत्यात घालून त्यांच्याकडे आला. सरांनी गुलाबीसर पाय पाहिले, नाव दिलं, टिपण छापलं. पेंढा भरल्यावर वाळक्या पायांना गुलाबी रंगही स्वतःच दिला. इथे हेरिंग येतो हे दामल्यांनी दाखवलं, असं जो तो सांगे. निवृत्तीच्या सत्कारात प्राचार्य त्यावरच बोलणार होते.

सत्काराच्या आधीच्या रविवारी तळ्याकाठी कुत्र्यांनी एक कुरव फाडला. आम्ही पोचेपर्यंत त्याचा जीव गेला होता. पाय हळदीसारखे पिवळे, म्हणजे काळपाठ्या. विद्यार्थ्यांसाठी पेंढा भरायचा म्हणून सरांनी तो प्रयोगशाळेत ठेवला. सोमवारी कापड काढलं, तर पिवळेपणा उतरून पाय मळकट गुलाबीसर झालेले. सर स्टुलावर बसले.

"माझाही पोत्यातून दुसऱ्या दिवशीच आला होता," ते म्हणाले.

"पाठीवरून ठरवू ना, सर."

"कोणत्या पाठीवरून? इतक्या वर्षांच्या धुळीनं तिचा रंग खाल्लाय."

मला फार वाईट वाटलं. सत्कार होऊ द्या, मग बघू, असं मी सुचवलं. सरांच्या घरी काकूंनीही तेच सांगितलं. "अहो, परक्या गावात आयुष्य घातलंत. एक दिवस मानाचा मिळतोय, तो तरी सुखानं घ्या."

"ज्या पक्ष्यामुळे मान मिळतोय तो कोण, हेच मला ठाऊक नाही," सर म्हणाले.

सत्कारात प्राचार्यांनी कुरवाचं तोंडभरून कौतुक केलं. सर उत्तराला उठले आणि सरळ हिंदीत म्हणाले, तो हेरिंग आहे असं मी सांगितलं होतं, आता सांगू शकत नाही, कारण त्याचे ताजे पाय मी पाहिलेच नव्हते. सभागृहात कुणालाच काय करावं ते कळेना. टाळ्या उशिरा आणि विरळ वाजल्या.

तिथून सर तडक संग्रहालयात गेले. माझ्याकडून ब्लेड मागून घेतलं आणि पायांवरचा गुलाबी रंग खरवडायला लागले. काकू नाराज होत्या, पण रंगाचा भुगा पडू नये म्हणून त्यांनीच सरांच्या गळ्यातला हार काढून हातात धरला. खालची चिठ्ठी सरांनी बदलली: 'मोठा कुरव. जात सांगता येत नाही.'

साताऱ्याला परतल्यावर सर फार दिवस जगले नाहीत. ते गेल्याचं कळलं त्याच सुमारास नव्या विभागप्रमुखांनी संग्रहालय रंगवायला काढलं. कपाटाशी थांबून त्यांनी मला विचारलं, "या पक्ष्याचे पाय रंगवायचे राहिलेत. कोणता रंग द्यायचा?"

मी म्हटलं, "तो ठाऊक असता तर दामले सरांनीच दिला असता."